डुकरिणीचे आरोग्य व पिल्लांची वाढ

पिल्ले खुरटली की दोष बहुधा पिल्लांना अगर त्यांच्या खाद्याला दिला जातो. वस्तुतः पिल्लाची वाढ जन्मापूर्वीच ठरू लागते. डुकरीण सुमारे ११४ दिवस गाभण असते. अखेरच्या महिन्यात तिची आबाळ झाल्यास पिल्ले हलकी जन्मतात. एक किलोहून कमी वजनाचे पिल्लू सडाशी पोहोचण्यात मागे पडते व दगावण्याचा संभव वाढतो.

खाद्य : छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यात सिल्लोड, कन्नड, फुलंब्री या भागांत मका पुष्कळ पिकतो. तो डुकरांच्या खाद्याचा उत्तम आधार होय. परंतु परतीच्या पावसात भिजलेल्या कणसांना बुरशी लागते. बुरशीच्या विषाने डुकरिणीचा माज बिघडतो व गर्भास अपाय होतो. बाजारात न खपणारा असा मका गाभण डुकरिणीस घालणे अंती महाग पडते. चांगला वाळवलेला, निवडलेला मकाच वापरावा. त्यात प्रथिनांसाठी पेंड, तसेच कोंडा व खनिज मिश्रण घालावे. व्यालेल्या डुकरिणीस स्वतःसाठी सुमारे २ किलो व प्रत्येक पिल्लामागे पाव ते अर्धा किलो खाद्य द्यावे. आठ पिल्लांच्या आईस ४ ते ६ किलो लागते.

चीक व रोगनिवारण : पिल्लाला रोगप्रतिकारशक्ती आईच्या चिकातून मिळते. म्हणून पहिल्या काही तासांतच प्रत्येक पिल्लू सडाला लावावे. डुकरिणीस पशुवैद्यकाच्या सल्ल्याने स्वाइन फिवरची लस भरविण्यापूर्वी व जंताचे औषध विण्यापूर्वी दोन आठवडे द्यावे. व्याल्यावर तिला ताप आला, कास कठीण झाली, ती पोटावर पडून राहिली व पिल्ले सारखी ओरडू लागली, तर कासदाह समजून त्याच दिवशी पशुवैद्यकास बोलवावे. दुधात लोह अल्प असल्याने तिसऱ्या दिवशी पिल्लांना लोहाचे इंजेक्शन देववावे.

उन्हाळा : डुकराला घाम जवळजवळ येत नाही. पारा ४० अंशांवर गेला की डुकरीण खाद्य टाकते व दूध आटते. तिला सावली, भरपूर पाणी व पहाटे-सायंकाळी खाद्य द्यावे. तिच्या अंगावर पाणी शिंपडावे, मात्र पिल्लांचा कोपरा कोरडा ठेवावा. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यापासून फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यापर्यंत भरविलेली डुकरीण एप्रिल-मे महिन्यांत विते. शक्य तेथे हा काळ टाळावा.

दूध तोडणे : दुसऱ्या आठवड्यापासून पिल्लांना थोडे थोडे भरड खाद्य चाखू द्यावे व सहा ते आठ आठवड्यांनी दूध तोडावे. त्या वेळी पिल्ले त्याच जागी ठेवून आईस हलवावे. निरोगी डुकरीण त्यानंतर साधारणतः आठवड्याभरात माजावर येते. हाडे दिसू लागलेली डुकरीण लांबते व पुढील वेताचा लाभ बुडतो.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी विण्याची तारीख, पिल्लांची संख्या व दूध तोडतानाचे वजन यांची नोंद शेतकऱ्याकडून ठेववावी. एका वेतात वजन घटले, तर चौकशी प्रथम आईपासून सुरू करावी.