संमतीने घटस्फोट : पैसे कुठे लागतात, कुठे वाचवू नयेत

दोघांनी वेगळे व्हायचे ठरवले की घरच्यांचा पहिला प्रश्न असतो, ‘वकील किती घेणार?’ प्रश्न रास्त आहे. पण संमतीच्या घटस्फोटात सगळ्यात मोठा हिशेब वकिलाच्या फीचा नसतो, कन्सेंट टर्म्सचा, म्हणजे दोघांनी मान्य केलेल्या लेखी अटींचा, असतो. त्या कागदावर घाईने सही केली, तर वाचवलेल्या फीच्या कितीतरी पट रक्कम पुढे जाते.

आधी पात्रता आणि वेळ

हिंदू विवाह कायद्यात कलम १३-ब हे १९७६च्या दुरुस्तीने आले. अर्ज करण्यापूर्वी पती-पत्नी किमान एक वर्ष वेगळे राहत असले पाहिजेत. एकाच छताखाली राहूनही संसार थांबलेला असेल, तर ते ‘वेगळे राहणे’ ठरू शकते. अर्जानंतर सहा महिने थांबावे लागते आणि अठरा महिन्यांच्या आत दोघांनी पुन्हा संमती द्यावी लागते. दीड वर्षाहून अधिक काळ वेगळे असाल, समेटाचे प्रयत्न संपले असतील आणि पोटगी, मुलांचा ताबा यांचा निकाल आपसांत लागला असेल, तर सहा महिन्यांची अट शिथिल करण्याचा अर्ज देता येतो. सर्वोच्च न्यायालयाने २०१७मध्ये अमरदीप सिंग खटल्यात हा मार्ग मोकळा केला. निर्णय मात्र न्यायाधीशांचा असतो.

नोटरीसमोर स्टॅम्पपेपरवर लिहिलेल्या फारकतनाम्याने लग्न मोडत नाही. ज्या समाजात तशी रूढी कोर्टात सिद्ध होते, तेवढाच अपवाद. त्यावर पैसे घालवू नका.

कोर्टाचा खर्च

अर्ज कौटुंबिक न्यायालयात करायचा. ते जिथे नाही तिथे वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयात. लग्न जिथे झाले, दोघे शेवटचे जिथे एकत्र राहिले किंवा पत्नी सध्या जिथे राहते, यांपैकी कुठेही तो चालतो. कोर्ट फी नाममात्र असते. महाराष्ट्रात १९९४च्या अधिसूचनेने घटस्फोट व पोटगीच्या प्रकरणांत महिलांना ती माफ आहे. संयुक्त अर्ज दाखल करताना याची विचारणा करा. कोर्टात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क लागत नाही. शेवटी हुकूमनाम्याच्या दोन-तीन प्रमाणित प्रती एकदमच काढा. पासपोर्ट, बँक, पुनर्विवाह अशा ठिकाणी त्या मागतात.

वकिलाची फी

ठरलेला दर नाही. शहर आणि वकिलाच्या अनुभवानुसार ती काही हजारांपासून लाखाच्या पुढेही जाते. विचारायचे ते असे : दोन्ही सुनावण्या, कन्सेंट टर्म्सचा मसुदा आणि सहा महिन्यांची अट शिथिल करण्याचा अर्ज यांत धरले आहे का? उत्तर लेखी घ्या. पोटगीच्या रकमेतून टक्केवारी मागणे बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. एकच वकील दोघांचे काम पाहत असेल, तरी सहीपूर्वी मसुदा दुसऱ्या वकिलाला वाचायला द्या. ती फी सत्कारणी लागते.

जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे महिलांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. हेल्पलाइन १५१००.

खरा हिशेब : कन्सेंट टर्म्स

- पोटगी : रक्कम, तारीख आणि खाते लिहा. काही भाग अर्जाच्या वेळी आणि उरलेला अंतिम सुनावणीला डिमांड ड्राफ्टने, अशी विभागणी दोघांनाही सुरक्षित ठेवते, कारण हुकूमनामा होईपर्यंत कुणीही संमती मागे घेऊ शकतो. एकरकमी पोटगीवर प्राप्तिकर लागत नाही, दरमहा मिळणारी करपात्र असते, असे मुंबई उच्च न्यायालयाने १९८४मध्ये ठरवले आहे.
- मुले : ‘शिक्षणाचा खर्च वडील करतील’ हे वाक्य भांडणाला निमंत्रण आहे. ‘शाळेची फी प्रत्येक सत्राच्या सुरुवातीला वडील थेट शाळेच्या खात्यात भरतील, बस, क्लास आणि औषधपाणी निम्मे-निम्मे’ असे लिहा. भेटीचे वार आणि सुट्ट्याही ठरवा. मुलांचा पोटगीचा हक्क आई-वडील परस्पर सोडू शकत नाहीत.
- घर : पती-पत्नी असताना राहते घर एकमेकांना बक्षीसपत्राने दिले, तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्क २०० रुपये, स्थानिक अधिभार व नोंदणीचा खर्च वेगळा. घटस्फोटानंतर हे नाते उरत नाही. कर्ज असल्यास बँकेची संमती आधी घ्या.
- स्त्रीधन : दागिन्यांची यादी वजनासह करा आणि मिळाल्याची पोच घ्या.
- इतर खटले : सासरच्या छळाचा गुन्हा (२०२४पर्यंत भारतीय दंड संहितेचे ‘४९८-अ’, आता भारतीय न्याय संहितेचे कलम ८५) नोंदलेला असेल, तर तो घटस्फोटाने आपोआप संपत नाही. रद्द करून घ्यायला उच्च न्यायालयात जावे लागते. तो खर्च कोण करणार, हेही लिहा.

नेण्याची कागदपत्रे

विवाह नोंदणी दाखला किंवा लग्नपत्रिका व फोटो, दोघांचे आधार कार्ड, पत्त्याचा पुरावा, पासपोर्ट आकाराचे फोटो.

कोर्टातील समुपदेशक विचारतील, ‘ही संमती तुमच्या मनाने आहे ना?’ कुणाच्या दबावाखाली असाल, तर तिथेच सांगा. मसुदा घरी न्या, दोन दिवस ठेवा, प्रत्येक आकडा समजला की मगच सही करा.