संहिता, प्रयोग आणि सत्ता : तोमा काराजिऊ यांच्या निमित्ताने

नाटकाची संहिता आणि नाटकाचा प्रयोग या दोन भिन्न वस्तू होत, हे तत्त्व आपणांस परिचित आहे. हा भेद राज्यसत्तेलाही जाणवतो, याची साक्ष रूमानियन नट तोमा काराजिऊ (१९२५–१९७७) यांच्या कारकिर्दीत मिळते.

काराजिऊ यांचा जन्म उत्तर ग्रीसमधील एका आरोमानियन कुटुंबात झाला. रूमानियनशी सख्खे नाते असलेली भाषा बोलणारा हा बाल्कन समाज होय. पुढे हे कुटुंब रूमानियात स्थायिक झाले. प्लोएश्त येथील सरकारी रंगमंदिराचे संचालकपद काराजिऊ यांनी १९५३ ते १९६५ अशी बारा वर्षे सांभाळले. ते रंगमंदिर आज त्यांचेच नाव धारण करते. १९६५ मध्ये ते बुखारेस्टच्या बुलांद्रा रंगमंदिरात आले.

जुलै १९७१ मध्ये चाउशेस्कू यांनी कलाक्षेत्रावरील पक्षीय नियंत्रण कठोर केले. पुढच्याच वर्षी लुचियान पिंतिलिए यांनी बुलांद्रात गोगोलचे ‘इन्स्पेक्टर जनरल’ बसविले. पु. ल. देशपांडे यांच्या ‘अंमलदार’मुळे मराठी वाचकास ओळखीचे झालेले हेच ते नाटक. लाचखाऊ नगरप्रमुखाची भूमिका काराजिऊ यांची होती. अवघ्या तीन प्रयोगांनंतर नाटकावर बंदी आली. रंगमंदिराचे संचालक लिविऊ चुलेई यांना पद गमवावे लागले आणि पिंतिलिए यांना पुढे परदेशांत काम शोधावे लागले.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. गोगोल हा समाजवादी देशांत मान्यता पावलेला अभिजात लेखक. त्याचा ग्रंथ निषिद्ध नव्हता. निषिद्ध ठरला तो प्रयोग. शेवटी नगरप्रमुख प्रेक्षकांकडे वळून त्यांच्या हसण्याचा जाब विचारतो. हे वाक्य कागदावर झारकालीन रशियाचे असते. जिवंत नटाच्या मुखी ते समोर बसलेल्यांचे होते. शब्द तपासता येतात, उच्चार आणि विराम तपासता येत नाहीत.

‘नट आणि रानटी’ (१९७५) या मानोले मार्कुस दिग्दर्शित चित्रपटात काराजिऊ यांनी फॅसिस्टांची टवाळी करणारा विनोदी नट रंगविला. कोन्स्तांतिन तानासे या प्रसिद्ध नटावर ती व्यक्तिरेखा बेतलेली होती. जुलूम गतकाळातील, म्हणून चित्रपटास वाव मिळाला. परंतु हास्यास भय मानणारी सत्ता कोणत्या काळातील, हे ठरविणे प्रेक्षकाच्याच हाती राहिले.

४ मार्च १९७७ च्या भूकंपात दीड हजारांहून अधिक माणसे मृत्यू पावली. बुखारेस्टमधील एक इमारत कोसळून काराजिऊ आणि दूरचित्रवाणी दिग्दर्शक अलेक्झांद्रू बोकानेत्स हे दोघेही त्यांत गेले.

गोगोलची भाषांतरे व रूपांतरे शेजारी ठेवून आपण तुलना करतो, ती आवश्यकच आहे. तथापि बुलांद्रातील त्या तीन रात्रींचा अर्थ कोणत्याही दोन संहितांच्या तुलनेतून हाती येणार नाही. नाट्यवाङ्मयाच्या तौलनिक अभ्यासात प्रयोगाच्या इतिहासास, आणि म्हणून नटाच्या चरित्रास, पुराव्याचे स्थान द्यावे लागते ते याच कारणाने.