महिपतींच्या संतचरित्रांतील अद्भुत पाकक्रिया : काळ, स्मृती आणि रांधणारे हात

मराठीतील अद्भुतरम्य कथनाचा विचार बहुधा लक्ष्मणशास्त्री हळबे यांच्या 'मुक्तामाला' (१८६१) या कादंबरीपासून सुरू होतो. परंतु त्यापूर्वी सुमारे शंभर वर्षे महिपती ताहराबादकरांनी (१७१५–१७९०) 'भक्तविजय' (शके १६८४, इ. स. १७६२) आणि 'भक्तलीलामृत' (शके १६९६, इ. स. १७७४) या ओवीबद्ध ग्रंथांत अद्भुताची एक संपन्न सृष्टी उभी केली होती. या सृष्टीतील काही महत्त्वाचे चमत्कार स्वयंपाकाशी निगडित आहेत. त्यांपैकी दोन कथांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. त्यास निमित्त झाला तो वर्गातील एक प्रश्न. एकनाथांच्या घरच्या श्राद्धाची कथा शिकवून झाल्यावर गोंदिया शहरालगतच्या मुर्री गावातून येणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, पहिला स्वयंपाक वाटून टाकल्यावर दुसरा कोणी केला?" या प्रश्नाचे उत्तर शोधताना कथेचे निराळेच अंग दिसू लागले.

प्रारंभीच एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. ज्ञानदेवांच्या समाधीनंतर (१२९६) साडेचारशेहून अधिक वर्षांनी, तर एकनाथांच्या निर्याणानंतर (१५९९) पावणेदोनशे वर्षांच्या आसपास महिपतींनी ही चरित्रे रचली. देवगिरीच्या यादवांचे साम्राज्य तोवर केव्हाच अस्तंगत झाले होते. तेव्हा या कथा इतिहासाचा पुरावा म्हणून नव्हे, तर समाजाने काय स्मरणात ठेवावयाचे ठरविले याचा पुरावा म्हणून वाचाव्या लागतात.

पहिली कथा मांड्यांची. मांडा ही कौशल्याची पाककृती होय. पुरण भरलेली मऊ कणीक दोन्ही हातांवर झेलीत पातळ पसरावयाची आणि पालथ्या, तापल्या खापरावर टाकावयाची. खानदेशात ही रीत आजही परिचित आहे. मुक्ताबाई मांड्यांसाठी खापर आणावयास निघाली. परंतु विसोबा चाटी याने कुंभारांना ते देऊ दिले नाही. वाळीत टाकलेल्या घराची चूलही अशा रीतीने अडविली जाते. मुक्ताबाई रडत परतली, तेव्हा ज्ञानदेवांनी योगबळाने जठराग्नी प्रज्वलित केला आणि तिने त्यांच्या पाठीवर मांडे भाजले.

या चमत्कारात काळाचा क्रम उलटा झाला आहे, इकडे क्वचितच लक्ष जाते. जठराग्नीचे कार्य जेवणानंतरचे. गीतेच्या पंधराव्या अध्यायातील वैश्वानर प्राण्यांच्या देहात राहून अन्न पचवितो. येथे मात्र पचविणारा अग्नी आधी येऊन अन्न शिजवितो. जे शेवटी व्हावयाचे ते आरंभी होते. समाजाने बाहेरचा अग्नी नाकारला, म्हणून आतला अग्नी बाहेर आला. या अन्नाचा परिणाम स्मृतीवरही होतो. विसोबा ते उच्छिष्ट खातो आणि त्याचे नावच बदलते. 'चाटी' ही व्यवसायाची ओळख मागे पडते. परंपरा त्याला नामदेवांचे गुरू 'विसोबा खेचर' म्हणून स्मरते. ज्याने खापर अडविले तोच त्या अन्नाने गुरुपदाला पोहोचला.

दुसरी कथा पैठणची. श्राद्धासाठी एकनाथांच्या घरी स्वयंपाक सिद्ध झाला होता. त्याचा सुगंध रस्त्याने जाणाऱ्या, अस्पृश्य मानल्या गेलेल्या एका कुटुंबापर्यंत पोहोचला व मुलाला ते अन्न खावेसे वाटले. एकनाथांनी व गिरिजाबाईंनी त्यांना बोलावून पोटभर जेवू घातले. पुढे घर सारवून पुन्हा स्वयंपाक झाला. परंतु निमंत्रित ब्राह्मणांनी जेवावयास नकार दिला. तेव्हा पितर स्वतः येऊन पानांवर बसले.

श्राद्ध हा स्मृतीचा विधी होय. त्यात पिता, पितामह व प्रपितामह अशा तीन पिढ्यांचे नाव घेऊन आवाहन केले जाते. एकनाथांच्या बाबतीत या पिढ्या म्हणजे सूर्यनारायण, चक्रपाणी आणि भानुदास. परंपरा सांगते, की एकनाथांचे आईवडील ते लहान असतानाच निवर्तले व चक्रपाणींनी त्यांचे संगोपन केले. म्हणजे ज्या पित्याचे श्राद्ध करावयाचे त्याचा चेहराही पुत्राला आठवत नसावा. हे ध्यानी घेतले म्हणजे या चमत्कारातील कारुण्य जाणवते. जी स्मृती नव्हतीच, ती अन्नाने समोर आणून बसविली. शिवाय मृत आणि जिवंत यांच्यामधला मध्यस्थ अनावश्यक ठरला. आधी उपाशी जेवला, म्हणून काळाचा बांध फुटला, असे या कथेचे तर्कशास्त्र आहे.

परंतु येथेच त्या विद्यार्थिनीचा प्रश्न पुन्हा समोर येतो. कथेला तीन पितरांची नावे ठाऊक आहेत. मात्र जे प्रथम जेवले त्या कुटुंबातील एकाचेही नाव तिने परंपरेत रूढ केले नाही. पितर पानांवर बसले की ते कुटुंब कथेतून नाहीसे होते. एकाच दिवशी दोनदा चूल पेटली, दोनदा वरण-भात शिजला; त्या श्रमाचा महिमा कोणी गायिला नाही. मांड्यांच्या कथेतही पाठ स्मरणात राहिली. तिच्यावर मांडे टाकणारे हात आपण 'चमत्कार' या शब्दात धरीत नाही. स्मृती बदलण्याचे सामर्थ्य अन्नाला देणारी कथा स्वतःच्या स्मृतीतून रांधणारीला आणि उपाशी असलेल्याला वगळते.

यावरून महिपतींना दोष देण्याचे कारण नाही. वर्णश्रेष्ठत्वाच्या आग्रहाविरुद्ध अन्नाचा पक्ष घेण्याचे धैर्य या कथांत निश्चित आहे. तथापि त्यांतील अद्भुताचे मोजमाप केवळ पितर आले की नाही एवढ्यावर करणे अपुरे ठरते. मुर्रीसारख्या धानपट्ट्यातील गावात रोवणी करून आलेल्या बाईलाच घरी येऊन चूल पेटवावी लागते. त्या घरातून आलेल्या मुलीला कथेतील दुसरा स्वयंपाक दिसला. आम्हां अभ्यासकांना तो इतकी वर्षे दिसला नव्हता. संतचरित्रांचे पुनर्वाचन याच ठिकाणाहून, म्हणजे देव्हाऱ्याकडून नव्हे तर चुलीकडून, सुरू व्हावे असे वाटते.