कुत्रा हाकेला कसा येतो?

(इयत्ता ४ थी)

कुत्रा हा इमानी प्राणी आहे. तो घराची व शेताची राखण करतो. पण कुत्र्याला वाईट सवय लागली, तर ती मोडता येते काय? येते. ते मी आज सांगणार आहे.

आमच्या कुत्र्याचे नाव मोत्या. साखळीला असला की शहाणा, सोडला की शेळ्यांच्या मागे. कितीही ‘यू यू’ करा, वळून बघत नसे. गेल्या पावसाळ्यात त्याने शेजारच्या काकूंची गाभण शेळी ओढ्यापर्यंत पळवली. शेळी वाचली. पण आबा म्हणाले, “आता नाही सुधारला तर जन्मभर साखळीला.” बांधलेला कुत्रा राखण काय करणार? म्हणून आम्ही त्याला परत शिकवले.

शिकवण्याची रीत :

१) नवी खूण : ‘यू यू’ सगळेच उगीच करत, म्हणून त्याला त्याचे काही वाटेना. आम्ही शिट्टी घेतली. शिट्टी वाजली की लगेच भाकरीचा तुकडा. पहिले आठ दिवस फक्त अंगणात.

२) लांब दोर : मग माळावर गेलो. दोन कासरे जोडून पट्ट्याला बांधले. शिट्टी मी वाजवायची, कासरा आबांनी धरायचा. मोत्या आला नाही तर आबा हळूच ओढत. कासरा हाताला गुंडाळू नये, हिसका बसतो.

३) शेळ्या लांब : आधी शेळ्या पार लांब ठेवल्या. मग रोज थोड्या जवळ. ऐकले नाही की परत लांब.

४) आल्यावर मारू नये : हे सर्वांत महत्त्वाचे. उशिरा आला म्हणून मारले, तर कुत्र्याला वाटते की आलो म्हणूनच मार बसला. पुढच्या वेळी तो येतच नाही.

५) दर वेळी बांधू नये : तुकडा द्यावा आणि पुन्हा सोडावे. नाहीतर शिट्टी म्हणजे साखळी, असे तो समजतो.

गुरुजींनी सांगितले की, रशियात इव्हान पाव्हलोव्ह (१८४९–१९३६) नावाचे शास्त्रज्ञ होऊन गेले. ते ठरावीक आवाज करून मग कुत्र्याला खायला देत. पुढे पुढे नुसत्या आवाजानेच कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटू लागले. आमच्या शिट्टीचेही तसेच आहे.

याला तीन महिने लागले. आता मोत्या शेळ्यांजवळून शिट्टीला परत येतो. तरी धनगरांचा कळप आला की आम्ही कासरा लावतोच, कारण नव्या मेंढ्या बघून तो अजून कान टवकारतो.

लक्षात ठेवा : परत आलेल्याला कधी मारू नये.

तुमचा कुत्रा कोणत्या खुणेला येतो? पुढच्या अंकात लिहा.