इस्रोत जायचंय, मग कुठली ब्रँच?

बारावीचा निकाल लागला की एक प्रश्न हमखास येतो : मुलाला किंवा मुलीला अंतराळ क्षेत्रात जायचंय, तर कुठली ब्रँच घ्यावी? प्रश्नामागची काळजी खरी आहे. जागा थोड्या, स्पर्धा मोठी, आणि नावात ‘एरोस्पेस’ असलेल्या खासगी अभ्यासक्रमाची फी भरताना घरातल्यांची ओढाताण होते. पण या प्रश्नात एक गोष्ट गृहीत धरलेली असते : अंतराळाचं काम अंतराळाचं नाव लावलेल्या पदवीतूनच मिळतं. हे कितपत खरं आहे ते तपासायला चांद्रमोहिमेतलं अत्यंत नाजूक काम घेऊ. माणसं बसलेली दोन यानं चंद्राभोवती फिरता फिरता एकमेकांना गाठतात आणि जोडली जातात, ते डॉकिंग. हे काम ज्यांनी शक्य केलं ते लोक काय शिकलेले होते?

मुळात हे जोडणं लागलं कशाला, इथपासून पाहू. १९६१ मध्ये अमेरिकेने चंद्रावर माणूस उतरवायचं ठरवलं, तेव्हा अनेकांच्या डोळ्यांसमोर एकच अजस्र यान होतं, जे उतरेल आणि तेच परत येईल. अडचण वजनाची होती. परतीचं इंधन, पृथ्वीच्या वातावरणात शिरताना लागणारं उष्णतारोधक कवच, हे सगळं चंद्रावर उतरवायचं आणि तिथून पुन्हा उचलायचं, तर त्यासाठी लागणारं रॉकेट अस्तित्वातच नव्हतं. नासाच्या लँग्ली केंद्रातले जॉन हूबोल्ट सांगत राहिले की परतीचं यान चंद्राभोवती फिरतं ठेवा, हलकं यान खाली पाठवा, आणि ते वर आलं की दोन्ही जोडा. वरिष्ठांना यात जिवाचा धोका दिसला. पृथ्वीभोवतीसुद्धा तोवर दोन यानं कुणी जोडली नव्हती, आणि चंद्राजवळ जोडणी फसली तर मदतीला कोण जाणार? हूबोल्ट यांनी अधिकाऱ्यांची उतरंड ओलांडून थेट वर पत्र लिहिलं. जुलै १९६२ मध्ये नासाने त्यांचाच मार्ग जाहीर केला. या हूबोल्ट यांच्या पहिल्या दोन्ही पदव्या सिव्हिल इंजिनिअरिंगच्या होत्या. वजन कुठे पडतं आणि कुणी पेलायचं, हा विचार त्यांना नवा नव्हता.

मार्ग ठरला, पण एका यानाने दुसऱ्याला गाठायचं कसं? जून १९६५ मध्ये पृथ्वीभोवती फिरणाऱ्या अमेरिकेच्या जेमिनी ४ यानातल्या जेम्स मॅकडिव्हिट यांनी आपल्याच रॉकेटच्या रिकाम्या टप्प्याजवळ जायचा प्रयत्न केला. ते कसलेले वैमानिक होते. त्यांनी टप्प्याच्या दिशेने यान रेटलं, तरी अंतर मिटेना. कक्षेत वेग वाढवला की यान वर चढतं, वरच्या कक्षेचा फेरा मोठा असतो, म्हणून ते उलट मागे पडतं. पुढच्याला गाठायचं तर वेग कमी करून खालच्या कक्षेत उतरावं लागतं. हे नियम अकरावीच्या भौतिकशास्त्रात, गुरुत्वाकर्षणाच्या प्रकरणात आहेत; प्रवेश परीक्षेच्या घाईत सूत्र पाठ करून बहुतेक मुलं पुढे जातात. कक्षेत यान गाठण्याच्या याच विषयावर पुढे अंतराळवीर झालेले बझ ऑल्ड्रिन यांनी १९६३ मध्ये एमआयटीत प्रबंध लिहिला होता. नोव्हेंबर १९६६ मध्ये जेमिनी १२ चं रडार बंद पडलं, तेव्हा त्यांनी सेक्स्टंट आणि तक्ते हाताशी घेऊन यान लक्ष्यापर्यंत नेलं. त्यांची पहिली पदवी मेकॅनिकलची.

गाठल्यानंतरचं काम धातूचं आणि फिटिंगचं. अमेरिकेच्या अपोलो चांद्रमोहिमांत एका यानाचा दांडा दुसऱ्याच्या नरसाळ्यासारख्या खोबणीत शिरे, टोकावरच्या तीन छोट्या खिट्ट्या आधी पकड घेत, मग कड्यावरच्या १२ खिट्ट्या दोन्ही यानं घट्ट आवळत. १९७१ मध्ये अपोलो १४ च्या वेळी पहिली पकड बसेना. सहाव्या प्रयत्नात जमली. पुढे सोव्हिएत यंत्र अभियंते व्लादिमीर सिरोम्यात्निकोव्ह यांच्या चमूने दोन्ही बाजूंना सारखीच रचना असलेली जोडणी घडवली, आणि १९७५ मध्ये तिच्यामुळे अमेरिकेचं अपोलो आणि सोव्हिएत सोयूझ ही यानं जोडली गेली.

आता आपल्याकडे पाहा. इस्रोचे स्पेडेक्सचे दोन उपग्रह, प्रत्येकी सुमारे २२० किलोचे, ३० डिसेंबर २०२४ रोजी श्रीहरिकोट्याहून निघाले आणि १६ जानेवारी २०२५ रोजी कक्षेत जोडले गेले. मधल्या दिवसांत जोडणी दोनदा पुढे ढकलली गेली, आणि एकदा तर तीन मीटरपर्यंत नेऊन उपग्रह पुन्हा मागे घेतले गेले. त्या उपग्रहांत माणूस नव्हता, तरी ज्ञान तेच. चांद्रयान ४ मध्ये चंद्राची माती आणताना चंद्राभोवतीच डॉकिंग करायचं आहे.

इथे कुणी म्हणेल, आता यानं आपोआप जोडली जातात, मग माणसाला काम काय उरलं? २६ जून २०२५ रोजी भारतीय अंतराळवीर शुभांशु शुक्ला यांचं यान अंतराळ स्थानकाला स्वयंचलित पद्धतीनेच जोडलं गेलं. पण आपोआप म्हणजे कुणीतरी आधी बसून केलेलं. वैमानिकाच्या हातातलं काम सेन्सर, नियंत्रण प्रणाली आणि सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांच्या टेबलावर आलं, म्हणजे अभियंत्यांचं काम वाढलंच. ज्यांना स्वतः उडायचंय त्यांची वाट मात्र वेगळी : भारताच्या गगनयान या समानव मोहिमेसाठी निवडलेले चौघेही हवाई दलाचे चाचणी वैमानिक आहेत, आणि त्यांतले शुक्ला पुण्याजवळच्या खडकवासल्याच्या एनडीएतून गेले.

पालकांचा दुसरा आक्षेप जास्त वजनाचा : इस्रोत घेतात किती? खरंच थोड्यांना. तिरुअनंतपुरमच्या आयआयएसटी या अंतराळ तंत्रज्ञान संस्थेत जेईई अॅडव्हान्स्डवरून प्रवेश मिळतो, आणि तिथल्या जागा मोजक्या आहेत. म्हणूनच माझं म्हणणं की सगळी भिस्त एका दारावर ठेवू नये. इस्रो वैज्ञानिक पदांसाठी मेकॅनिकल, इलेक्ट्रॉनिक्स, कॉम्प्युटर अशा शाखांतून भरती करते. डिप्लोमा आणि आयटीआय झालेल्यांसाठीही तिथे तांत्रिक पदं असतात, आणि खिट्टी अचूक बसवणारा फिटर कमी महत्त्वाचा नसतो. शिवाय रॉकेटची इंजिनं विक्रोळीत गोदरेजमध्ये आणि रॉकेट-मोटरची आवरणं वालचंदनगरला तयार होत आली आहेत. अंतराळाचं दार उघडलं नाही तरी पक्की मेकॅनिकल किंवा इलेक्ट्रॉनिक्सची पदवी वाया जात नाही. अठराव्या वर्षी घेतलेली अतिअरुंद पदवी मात्र अडकवू शकते. चांगल्या संस्थेतलं एरोस्पेस मिळत असेल तर जरूर घ्यावं. केवळ नावासाठी दुय्यम संस्थेत जाणं मला चूक वाटतं.

तेव्हा यंदा प्रवेशाचा फॉर्म भरण्याआधी कॉलेजची वर्कशॉप आणि प्रयोगशाळा स्वतः जाऊन बघा, चारही वर्षांचा अभ्यासक्रम मागून घ्या, आणि त्यात गणित, यामिकी आणि नियंत्रण प्रणाली किती खोलवर शिकवतात ते विचारा. आणि मुलामुलींनो, अकरावीचं गुरुत्वाकर्षणाचं प्रकरण या सुट्टीत पुन्हा उघडा, या वेळी परीक्षेची घाई न करता.