समुद्रातील निळा उजेड आणि अमावास्येची भरती
(इयत्ता ५ वी ते ७ वी : परिसर, विज्ञान व गणित यांचा संयुक्त पाठ)

उद्देश

समुद्रकाठच्या मुलांस एखाद्या काळोख्या रात्री लाटा निळसर उजेडाने फुटताना दिसतात. कोणी त्यास भुताटकी म्हणते, कोणी देवाचा कोप म्हणते, तर कोणी हर्षभराने थेट पाण्यात धावते. भय आणि मोह ही दोन्ही अज्ञानाचीच रूपे होत. मीरा-भाईंदरमधील उत्तन, पाली, चौक ही गावे घ्या किंवा खाडीपलीकडील वसई-अर्नाळा घ्या, येथील मुलांस समुद्र घरच्या अंगणासारखा असतो. ह्या उजेडाचे कारण त्यांस कळावे, आणि खरा धोका कोठे आहे हे त्यांनी स्वतः हिशेब करून ओळखावे, हा ह्या पाठाचा उद्देश आहे.

पूर्वज्ञान व प्रस्तावना

पावसाच्या तोंडाशी चमकणारे काजवे मुलांनी पाहिलेले असतात. त्यांवरून पुढील प्रश्न विचारावेत : काजवा तळहातावर घेतला तर चटका बसतो काय? कंदिलाच्या काचेस हात लावला तर काय होते? उष्णतेवाचून प्रकाश असू शकतो, हे उत्तर मुलांकडूनच काढून घ्यावे.

त्यानंतर समुद्रातील उजेडाविषयी घरी ऐकलेल्या गोष्टी मुलांस सांगू द्याव्यात. त्यांची थट्टा करू नये. ज्या आजोबांनी भुताची गोष्ट सांगितली त्यांनीच वारा व पाणी ओळखण्यासही शिकविलेले असते. गोष्टीतील भीतीमागे पुष्कळदा अनुभव दडलेला असतो, तो शोधून काढणे हे शिक्षकाचे काम आहे.

विषय-प्रतिपादन

हा उजेड बहुधा 'नॉक्टिल्युका' नावाच्या एकपेशीय जीवाचा असतो. नावाचा अर्थच 'रात्री चमकणारा' असा आहे. तो बहुधा एक मिलिमीटरहूनही लहान असतो, परंतु अनुकूल काळी पाण्यात त्याची अगणित वाढ होते. त्याच्या पेशीत ल्युसिफेरिन नावाचे द्रव्य असते. पेशीस धक्का बसला की विशिष्ट विकराच्या साहाय्याने त्या द्रव्याचा प्राणवायूशी संयोग होतो व क्षणभर थंड प्रकाश पडतो. म्हणूनच लाट फुटते, वल्हे बुडते किंवा मासा पळतो तेथेच उजेड दिसतो आणि संथ पाणी काळेच राहते. नोव्हेंबर २०१६ मध्ये जुहूच्या किनाऱ्यावर आणि २०२० मध्ये कर्नाटकाच्या किनाऱ्यावर लोकांनी असा उजेड पाहिला होता.

ह्याहून निराळा प्रकार म्हणजे 'दुधी समुद्र'. १९९५ च्या जानेवारीत 'लिमा' नावाचे ब्रिटिश व्यापारी जहाज सोमालियाच्या किनाऱ्यापासून दूर अशा पांढुरक्या प्रकाशातून कित्येक तास चालले होते. पुढे २००५ साली शास्त्रज्ञांनी उपग्रहाच्या जुन्या चित्रांत तो प्रकाश शोधून काढला. तो जीवाणूंचा असून धक्क्यावाचून अखंड तेवतो, असे मानले जाते. खलाशांच्या जुन्या कथा सर्वस्वी खोट्या नसतात, हे ह्या उदाहरणाने मुलांस पटते.

नॉक्टिल्युकाची फार वाढ झाल्यास मासेमारीस मात्र अपाय होऊ शकतो. त्याच्या पेशींत अमोनिया साठतो, आणि असे असंख्य जीव मरून कुजू लागले की पाण्यातील प्राणवायू घटतो. उत्तर अरबी समुद्रात हिवाळ्यात डायटम ह्या सूक्ष्म वनस्पतींची जागा हिरवा नॉक्टिल्युका घेत आहे, असे हेल्गा गोम्स, जोआकिम गोएस व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ साली दाखविले. डायटम बारीक जलचर खातात व ते जलचर मासे खातात. नॉक्टिल्युका मात्र प्रामुख्याने जेलीफिशसारख्या प्राण्यांच्या पोटी जातो. ही अन्नसाखळी फळ्यावर बाणांनी काढून दाखवावी. ज्यांच्या घरी डोल जाळ्याने बोंबील धरतात, त्या मुलांस तिचे महत्त्व सांगणे नलगे.

स्पष्टीकरण : धोका कोठे आहे?

नॉक्टिल्युकाचा उजेड माणसास जाळीत नाही वा ओढून नेत नाही. परंतु तो सर्वांत ठळक दिसतो तो चंद्र नसलेल्या रात्री, आणि अमावास्या म्हणजे उधाणाचा काळ. आपल्या भागात उधाणाची भरती जवळजवळ पाच मीटरपर्यंत चढते. मोहात पाडणारा उजेड आणि बुडविणारे पाणी अशी एकाच रात्री गाठ पडते.

येथे गणिताचा पाठ घ्यावा. आपल्याकडील जुना ठोकताळा असा : तिथीच्या अंकाची पाऊणपट करावी, तितक्या वाजण्याच्या सुमारास पूर्ण भरती.

पंचमी : ५ × ¾ = ३¾, म्हणजे पावणेचार
अष्टमी : ८ × ¾ = ६, म्हणजे सहा
अमावास्या : १५ × ¾ = ११¼, म्हणजे सव्वाअकरा

अमावास्येस रात्री आठ वाजता खडक उघडे दिसतात, परंतु त्यानंतर सव्वातीन तास पाणी चढतच असते. उत्तनसारख्या खडकाळ किनाऱ्यावर मागच्या सखल खाचेतून पाणी आधी शिरते व परतीची वाट समोरच्या लाटेआधी बंद होते. आजोबांच्या भीतीमागील अनुभव तो हाच. हा ठोकताळा केवळ अंदाजाचा आहे. प्रत्यक्ष वेळ छापील भरती-कोष्टकातूनच घ्यावी, हेही बजावावे.

प्रयोग

मुलांस रात्री किनाऱ्यावर नेऊ नये. उजेड दिसल्याचे कळल्यास मासेमारीहून परतणाऱ्या एखाद्या पालकास बाटलीभर पाणी आणण्याची विनंती करावी व अंधाऱ्या खोलीत ती बाटली हलवून दाखवावी. उजेड न दिसल्यास तेही मुलांस वहीत लिहू द्यावे.

फलक-लेखन

१. उजेड दुरून, मोठ्या माणसांसोबत पाहावा. पाण्यात उतरू नये.
२. दिवसा पाणी लाल वा हिरवे दिसल्यास त्यातील तिसऱ्या, कालवे खाऊ नयेत. रंग पाण्याचा असला तरी जीव कोणता हे डोळ्यांस कळत नाही, व काही जातींचे विष शिंपल्यांत साठते.
३. अशा पाण्याने अंगास खाज सुटल्यास गोड्या पाण्याने धुवावे.

स्वाध्याय

प्रतिपदेपासून अमावास्येपर्यंत रोजची तिथी, पाऊणपटीने आलेली वेळ आणि घरच्या मोठ्यांनी सांगितलेली भरतीची वेळ असे तीन रकाने मुलांनी भरावेत. दोन वेळांतील अंतर किती मिनिटांचे, ते चौथ्या रकान्यात लिहावे. ज्या वर्गातील प्रत्येक मूल येत्या अमावास्येच्या भरतीची वेळ न अडखळता सांगेल, तेथे हा पाठ सफल झाला असे समजावे.