संस्थेने निलंबित केले. दाद कुठे मागू?

प्रश्न : अनुदानित शाळेत शिक्षक आहे. चौकशीआधीच संस्थेने निलंबित केले. शिक्षणाधिकाऱ्यांची परवानगी घेतलेली नाही. न्यायाधिकरणात जाता येईल का?

उत्तर : आज नाही. महाराष्ट्रातील १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ खाली बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा आदेशांवर ३० दिवसांत अपील करता येते. त्या यादीत निलंबन नाही. निलंबनाला आव्हान द्यायचे तर उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते.

परवानगी नाही म्हणून आदेश आपोआप रद्द होतो, या भरवशावर मात्र राहू नका. १९८१ च्या नियमावलीतील नियम ३५ पाहा. पूर्वपरवानगी नसेल तर निर्वाह भत्ता पहिल्या दिवसापासून संस्थेनेच द्यायचा असतो. तो थकला तर शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार करा, पोच घ्या. परवानगीशिवाय निलंबन चार महिन्यांपलीकडे नेता येत नाही, हा मुद्दाही त्यात मांडा.

एक कळकळीची विनंती : या काळात दुसरीकडे नोकरी धरू नका, पूर्वमंजुरीशिवाय मुख्यालय सोडू नका. भत्ता रोखायला संस्थेला तेवढे कारण पुरते. दबावाखाली राजीनामाही लिहून देऊ नका.